फोन कुणाच्या हातात? बाणकोट ते मांडवी, बचत गटाबरोबर

पहिला दिवस : बाणकोट खाडी ओलांडून वेळासला

बागमांडल्याच्या जेटीवर आमची गाडी रांगेत लागली तेव्हा भरती चढत होती. गाडीत रायगड जिल्ह्यातल्या एका खाडीकाठच्या गावातल्या बचत गटाच्या बायका, गावातले दोन तरुण मासेमार आणि मी. त्यांच्या खाडीत कांदळवन, म्हणजे खारफुटीचं रान, दाट आहे, बगळ्यांची वसाहत आहे, आणि हल्ली सुट्टीच्या दिवशी शहरातल्या गाड्या थेट बंदरापर्यंत येऊन उभ्या राहतात. गटाला तिथे होडीतून फेरी सुरू करायची आहे. अशा गटांना तयारीत मदत करणं हे माझं काम. हिशेब कसा ठेवायचा, परवानग्या कुठून काढायच्या, पाहुण्यांशी कसं बोलायचं, पाण्यात कुणी पडलं तर काय करायचं, हे सगळं त्यात येतं. पण समाजमंदिरात बसवून चार व्याख्यानं देण्यापेक्षा, ज्यांनी हे करून दाखवलंय त्यांच्या ओट्यावर नेऊन बसवलं की निम्मं शिक्षण आपोआप होतं, असा माझा अनुभव आहे.

या दौऱ्याला आणखी एक निमित्त होतं. शहरातल्या एका गृहस्थांनी गटापुढे प्रस्ताव ठेवला होता. इंजिन बसवलेल्या दोन फायबरच्या होड्या ते फुकट देणार, जाहिरातही तेच करणार. अट एकच, बुकिंग सगळं त्यांच्या फोनवरून. गटात यावरून सरळ दोन तट पडले होते. काहीजणी म्हणत, आयती होडी मिळतेय तर नको कशाला म्हणायचं? बाकीच्यांना नेमकं काय खटकतंय ते सांगता येत नव्हतं, पण खटकत मात्र होतं. मी माझं मत सांगितलं असतं तर वाद मिटला असता, पण तो निर्णय माझा झाला असता. म्हणून म्हटलं, आधी बघून येऊ, मग ठरवा.

फेरीबोट सावित्रीच्या मुखातून पलीकडे वेश्वीला लागली आणि रत्नागिरी जिल्हा सुरू झाला. बाणकोटच्या किल्ल्याजवळून वेळासला पोहोचलो. नाना फडणवीसांचं हे मूळ गाव. पण आता वेळास म्हटलं की लोकांना आठवतात ती कासवं.

संध्याकाळी किनाऱ्यावर गेलो. सुरूच्या बनापलीकडे जाळी लावून बंदिस्त केलेली जागा आहे, तिला सगळे हॅचरी म्हणतात. आत वाळूत ओळीने घरटी, प्रत्येकावर टोपली उपडी घातलेली आणि शेजारी खुणेची पाटी, अंडी कधी मिळाली आणि किती. घरट्यांची राखण करणाऱ्या तिथल्या कासवमित्राने आमच्या बायकांना वाळूत बसवूनच सगळं सांगितलं. ऑलिव्ह रिडले मादी रात्री किनाऱ्यावर येते, मागच्या वल्ह्यांसारख्या पायांनी दीडेक फूट खोल, तोंडाशी अरुंद आणि बुडाशी रुंद खड्डा करते, त्यात शंभराच्या आसपास अंडी घालते, वाळू लोटते आणि निघून जाते. पुन्हा मागे वळून बघत नाही. पहाटे फिरताना तिच्या येण्याजाण्याचा माग दिसला की त्यावरून घरटं शोधायचं, अंडी हलक्या हाताने काढायची आणि हॅचरीत तेवढ्याच खोलीचा, तशाच आकाराचा खड्डा करून पुरायची. पिल्लं साधारण ४५ ते ६० दिवसांनी वर येतात. वाळू जास्त तापली तर माद्या अधिक, थंड राहिली तर नर अधिक. हे ऐकून आमच्यातल्या थोरल्या काकू म्हणाल्या, "म्हणजे ऊन वाढत गेलं तर पुढे नर मिळायचेच नाहीत की." कासवमित्र म्हणाला, "अभ्यासकांना हीच काळजी आहे, काकू."

पूर्वी ही अंडी कोल्हे, कुत्रे खायचे आणि माणसंही न्यायची. २००२ मध्ये चिपळूणच्या सह्याद्री निसर्ग मित्र या संस्थेचे कार्यकर्ते पांढऱ्या पोटाच्या समुद्र गरुडाची पाहणी करत या किनाऱ्यावर आले, त्यांना अंड्यांची टरफलं दिसली आणि तिथून संवर्धनाचं काम सुरू झालं. २००६ मध्ये पहिला कासव महोत्सव झाला. पाहुणे गावातल्या घरांमध्ये राहणार, घरचंच जेवणार आणि किनाऱ्यावर नियम पाळून पिल्लं समुद्रात जाताना बघणार, अशी ही रीत. मला यातला क्रम फार महत्त्वाचा वाटतो. आधी राखण सुरू झाली, पाहुणे मागून आले. बहुतेक ठिकाणी उलटं होतं. आधी गर्दी येते आणि मग राखायला काही उरलंय का, याचा शोध सुरू होतो.

दुसरा दिवस : वेळास

पहाटे उठून किनारा गाठला. दोरीच्या अलीकडे बरीच माणसं उभी होती. कासवमित्राने एकेक टोपली उचलून बघितली. दोन टोपल्या रिकाम्या. तिसरीखाली वाळू खचलेली होती आणि त्यात काळसर, ओलसर, तळहातावर मावतील एवढी पिल्लं एकमेकांवर चढत होती. ती मोजून टोपलीत घेतली, नोंदवहीत आकडा लिहिला, मग पाण्यापासून काही अंतरावर वाळूवर अलगद सोडली. थेट पाण्यात सोडत नाहीत, त्यांनी ते अंतर स्वतः चालायचं असतं. एक पिल्लू पावलाच्या ठशात अडकलं. खड्डा दोन बोटं खोल असेल, पण त्याला तो चढता येईना. मागे उभ्या असलेल्या एका मुलीने हात पुढे केला, तिच्या आईने मागे ओढला, आणि पिल्लू चार-पाच वेळा घसरून शेवटी वर आलं. लाट आली, सगळी ओली झाली, मागे ढकलली गेली, पुन्हा चालायला लागली.

हजारातलं एखादंच पिल्लू मोठं होतं, असं म्हणतात. या किनाऱ्यावर अंडी घालायला येणाऱ्या माद्या पुढे कुठे जातात, हे बराच काळ कोणालाच ठाऊक नव्हतं. जानेवारी २०२२ मध्ये कांदळवन प्रतिष्ठान आणि भारतीय वन्यजीव संस्थान यांनी इथे वेळासलाच एका मादीच्या पाठीवर उपग्रहाशी जोडलेला टॅग बसवला. पश्चिम किनाऱ्यावरची अशी ती पहिली, म्हणून तिचं नाव प्रथमा. पुढच्या वर्षी गुहागरला टॅग केलेली बागेश्री खाली उतरून श्रीलंकेला वळसा घालून गेली. आणि २०२५ मध्ये गुहागरला अंडी घालायला आलेल्या एका मादीच्या अंगावर २०२१ मध्ये ओडिशात लावलेला धातूचा बिल्ला सापडला. पूर्व किनाऱ्यावरची मादी कोकणात आली होती. हे गावातल्या पोरांना तोंडपाठ आहे. पाहुण्यांना सांगताना त्यांचा आवाज चढतो, आणि तो पढवलेला नसतो.

दिवसभर आम्ही घरोघरी बसलो. बायकांनी विचारलेले प्रश्न मला कुठल्याच प्रशिक्षण पुस्तिकेत दिसलेले नाहीत. पाहुणे आले की सासूबाई झोपतात कुठे? संडास एक, माणसं बारा, मग सकाळी काय करता? विहिरीचं पाणी मार्चमध्ये किती खाली जातं? कुणी दारू पिऊन आलं तर कोण बोलतं, बाई की बाप्या? यजमान वहिनींनी एकाही प्रश्नाला बगल दिली नाही. पाणी आणि संडास बघूनच त्या माणसं घेतात. जास्त आली तर दुसऱ्या घरी पाठवतात. वरच्या खोलीला खाट आणि पंखा लागला तो पाहुण्यांच्या पैशातून, पण शेती सोडलेली नाही, आंबा-काजू सोडलेला नाही. पिल्लं निघण्याचा हंगाम फेब्रुवारी ते मेच्या आसपास. उरलेलं वर्ष पर्यटनावर काढता येत नाही, आणि काढू नयेच असं मलाही वाटतं. पर्यटन हा जोडधंदा राहिला तर गाव पाहुण्याला नाही म्हणू शकतं. एकदा तोच पोटाचा धंदा झाला की आलेल्या प्रत्येकाला हो म्हणावं लागतं.

रात्री गाडीचालकाने किनाऱ्याकडे जाण्यासाठी टॉर्च लावला तर आमच्याच एका मुलीने तो विझवायला लावला. पिल्लं उजेडाच्या दिशेने जातात. पाण्यावरचा उजेड त्यांना समुद्राकडे नेतो, मागचा दिवा त्यांना रस्त्यावर नेऊन मारतो. सकाळी ऐकलेलं तिने रात्री अमलात आणलं.

तिसरा दिवस : दाभोळ, जयगड, कशेळी

हा दिवस बहुतेक प्रवासात गेला. आंजर्ल्याला थोडं थांबून दाभोळची फेरी धरली, वाशिष्ठी ओलांडली, गुहागरमार्गे तवसाळला येऊन पुन्हा फेरीने जयगड. खाडी आली की बायका उतरून कठड्याशी उभ्या राहायच्या आणि पाण्याचा रंग, काठचं कांदळ, मचव्यांची बांधणी यावर बोलायच्या. गाडीत मात्र आम्ही सराव केला. मी पाहुणी व्हायचं, त्यांनी नकार द्यायचा. "सहा वाजून गेलेत ताई, आता होडी सुटणार नाही." "जादा पैसे देतो की." "पैशाचा प्रश्न नाही दादा, ओहोटी लागली." पहिल्यांदा सगळ्याजणी माफी मागितल्यासारख्या बोलत होत्या. जयगडपर्यंत आवाज सरळ झाला. पाहुण्याचं हसून स्वागत कसं करायचं ते कोकणातल्या बाईला शिकवावं लागत नाही. नकार देण्याचा सराव तिला कुणी करून देत नाही, आणि सुरक्षित फेरीसाठी नेमका तोच लागतो.

दुपार कलल्यावर कशेळीच्या सड्यावर, म्हणजे जांभ्या दगडाच्या उघड्या पठारावर, पोहोचलो. इथे जांभ्यावर कोरलेला हत्ती आहे, सुमारे १८ मीटर लांब, आणि त्याच्या अंगात इतर प्राण्यांच्या कितीतरी आकृती. उभ्याने बघितलं तर आधी नुसत्या रेघा दिसतात. चालत चालत सोंडेपासून पायापर्यंत गेलं की हत्ती कळतो. ही कातळशिल्पं सुधीर रिसबूड, धनंजय मराठे आणि सुरेंद्र ठाकुरदेसाई यांच्या शोधामुळे लोकांपुढे आली आणि २०२२ मध्ये कोकणातली निवडक ठिकाणं युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेली.

आमच्याबरोबरच्या एका मासेमाराने विचारलं, ही जमीन कुणाची? हा प्रश्न सगळ्यात आधी विचारायला हवा. कोकणातले सडे बहुतेक खासगी मालकीचे. जांभ्याच्या सड्यावर चिरेखाण निघू शकते, आणि चिऱ्याला गिऱ्हाईक बारमाही असतं. ज्याच्या जमिनीत शिल्प आहे त्याच्या हाती काहीच पडलं नाही, उलट लोक कुंपण वाकवून येऊ लागले, तर त्याने ते किती वर्षं सांभाळावं? मालक, ग्रामपंचायत आणि वाट दाखवणारी पोरं यांच्यात उत्पन्नाची वाटणी आधी लिहून ठेवली तर शिल्प टिकेल, असं मला मनापासून वाटतं. नुसत्या फलकाने काही टिकत नाही.

चौथा दिवस : मालवण

मालवणबद्दल थोडक्यात लिहिते. सिंधुदुर्ग १९९७ मध्ये देशातला पहिला पर्यटन जिल्हा म्हणून जाहीर झाला आणि त्याचं सगळ्यात भरलेलं रूप मालवण-तारकर्लीला दिसतं. मासेमारांची मुलं पाण्याखाली पाहुण्यांना घेऊन उतरतात. तारकर्लीला स्कूबाचं रीतसर शिक्षण देणारं केंद्र आहे, त्यातून स्थानिक मुलं तयार झाली. ही मोठीच गोष्ट. पण बंदरात उभं राहून बघितलं तेव्हा होड्यांची गर्दी, एकाच जागी टाकले जाणारे नांगर आणि खाली प्रवाळ, हे सगळं डोळ्यांना टोचलं. इथलं सागरी अभयारण्य १९८७ चं, २९.१२ चौरस किलोमीटरचं. मासेमारांचा त्याला विरोध राहिला, कारण आपल्या पाण्यावर हद्द आखताना आपल्याला धरलं नाही असं त्यांना वाटलं. आमच्या गटातल्या एकीने वहीत लिहिलं: "होड्या किती ते आधी ठरवायचं. नंतर ठरत नाही." मालवणने आम्हाला हे शिकवलं.

पाचवा दिवस : वेंगुर्ल्याची मांडवी खाडी

ज्यासाठी निघालो ते ठिकाण हे. वेंगुर्ल्यात मांडवी खाडीवर स्वामिनी महिला बचत गटाच्या बायका २०१७ पासून कांदळवन सफारी चालवतात. संयुक्त राष्ट्र विकास कार्यक्रम आणि राज्याचा कांदळवन कक्ष यांच्या मदतीने हे उभं राहिलं. होडी वल्हवतात त्याही बायकाच.

आम्हाला त्यांनी आधी लाइफ जॅकेट घालायला लावली. आमच्यातल्या एकीने बक्कल नुसतं अडकवलं, पट्टा ओढलाच नाही. त्याबरोबर होडीवरच्या ताईंनी जवळ येऊन पट्टा खेचला, दोन्ही खांद्यांना धरून जॅकेट वर उचलून बघितलं, हनुवटीपर्यंत सरकतंय का ते. सरकलं. पुन्हा आवळलं. मगच होडीत पाय ठेवू दिला. आमची माणसं जन्मापासून पाण्यात, तरी कुणाला सूट नाही.

होडी आत शिरली आणि दोन्ही बाजूंनी झाडं जवळ आली. इंजिन नसल्यामुळे वल्ह्याचा चुबुक आवाज सोडला तर खाडीचंच सगळं ऐकू येतं. चिखलातून फटफट करत पळणारे खेकडे, वर खंड्याची शीळ. ताईंनी तिवराचं पान हातात दिलं आणि जीभ लावायला सांगितली. खारट. झाड खाऱ्या पाण्यातलं मीठ पानावाटे बाहेर टाकतं. मग कांदळाची लोंबणारी हिरवी लांब फळं दाखवली. बी झाडावरच रुजतं, वाढतं, मग खाली सुटतं आणि चिखलात उभं रोवलं जातं किंवा भरतीबरोबर दुसरीकडे जाऊन लागतं. चिखलातून वर आलेली टोकं ही श्वास घेणारी मुळं, त्यांच्यावर होडी घालायची नाही. पांढरी चिप्पी दाखवून म्हणाल्या, हे २०२० पासून आपल्या राज्याचं कांदळवृक्ष.

हे सगळं आमच्या बायकांच्या खाडीतही आहे. थोरल्या काकू ते पान हातात धरून बघत राहिल्या. त्या रोज याच झाडांतून कालवं, शिंपल्या काढायला जातात. "आम्ही याचा पाला गुरांना घालतो," त्या म्हणाल्या. "कुणी बघायला येईल असं वाटलंच नव्हतं."

परत आल्यावर खाडीकाठी बैठक झाली. सुरुवातीला गाव काय म्हणालं, असं विचारलं तर ताई म्हणाल्या, लोक म्हणत होते बायका होडी काय वल्हवणार. "खाडी आमचीच, मगे भ्या कित्याक?" मग त्यांनी एकेक बाजू उलगडली. वल्हवायच्या पाळ्या, कमाईची वाटणी, होडीच्या डागडुजीसाठी दर फेरीमागे बाजूला काढायचे पैसे. शेवटी आमच्यातल्या एकीने विचारलं, आणि फोन कुणाकडे? तो गटाकडेच. पाहुणे कधी घ्यायचे हे भरती बघून ठरतं, आणि भरती ज्यांना कळते त्यांच्याच हातात फोन हवा, नाहीतर लांबचा माणूस ऐन ओहोटीला पंचवीस जण पाठवून देईल.

फुकट होडीच्या प्रस्तावातलं काय खटकत होतं ते आमच्या गटाला इथे सापडलं. पाहुणे किती, कधी, कुठल्या वाटेने आणि कुणाच्या होडीत, हे सगळं फोन उचलणाराच ठरवतो. गावाची क्षमता वाढवणं म्हणजे प्रमाणपत्रं वाटणं असं समजून पुष्कळ पैसा खर्च होतो. प्रशिक्षण हवंच, जॅकेटचा पट्टा कुणीतरी शिकवावाच लागतो. पण ठरवण्याचा हक्क दुसरीकडे ठेवून दिलेलं प्रशिक्षण गावातल्या माणसांना फार तर चांगले नोकर बनवतं.

सहावा दिवस : परत, आणि गावात बैठक

पहाटे निघून महामार्गाने परत आलो. रात्री जेवणं उरकल्यावर बंदरावरच्या शेडमध्ये सगळे जमले. दौऱ्याला न आलेल्या बायका होत्या, काहींचे नवरे होते, सरपंचही आले. आलेल्यांनी सांगायचं आणि मी गप्प बसायचं, असं आधीच ठरलं होतं.

होडीच्या प्रस्तावावर बराच वेळ गेला. एका काकांचं म्हणणं, होड्या घ्याव्यात, बुकिंग दोन वर्षांनी आपल्याकडे घेऊ. त्यावर वेळासला टॉर्च विझवायला लावणारी मुलगी म्हणाली, दोन वर्षं पाहुण्यांना त्यांचाच नंबर पाठ होईल, मग आपला कोण लावणार? शासनाच्या कांदळवन संवर्धन व उपजीविका निर्माण योजनेत गटाला ९० टक्के अर्थसहाय्य मिळू शकतं, उरलेले १० टक्के गटाने घालायचे, हे त्यांनी विचारल्यावर मी सांगितलं. त्यासाठी गावाची कांदळवन सहव्यवस्थापन समिती लागते. वेळ लागेल, कागद लागतील, हेही सांगितलं. काकांना ते पटलं नाही आणि त्यांनी तसं बोलून दाखवलं. पण बहुमताने त्या गृहस्थांना नकाराचं पत्र द्यायचं ठरलं, आणि त्यात आभार मानायचे असंही ठरलं.

तोवर गावातल्याच दोन जुन्या लाकडी होड्या दुरुस्त करायच्या. इंजिन नाही. बगळ्यांची घरटी असलेल्या खाडीच्या फाट्यात पावसाळ्यापासून पिल्लं उडेपर्यंत कुणीही जायचं नाही, गावकऱ्यांनीही नाही. यावर मासेमारांनी हरकत घेतली, कारण तिथे त्यांची डोलजाळी लागतात, आणि शेवटी जाळ्यासाठी वाट सोडून बाकी फाटा बंद, असं ठरलं. एका भरतीला किती माणसं घ्यायची यावर एकमत झालं नाही. पुढच्या बैठकीत विहिरीचं पाणी आणि बंदरावरचे संडास मोजून तो आकडा काढायचा. फोन गटाच्या पैशातून घ्यायचा आणि तो दर महिन्याला एकीकडे, नोंदवहीसकट.

सागरी मंडळाच्या कार्यालयात होड्यांच्या नोंदणीची चौकशी करायला सोमवारी कोण जाणार, यावर पाच मिनिटं शांतता होती. मग थोरल्या काकू म्हणाल्या, मी जाते, पण अर्ज वाचून दाखवायला एक पोरगी बरोबर द्या. दोघी तयार झाल्या. पहिल्या एसटीची वेळ विचारून बैठक उठली.